ऑरिन टकेटचे एकशे एकेचाळीस चेंडू

ऑरिन टकेटचा हात कार्व्हर गावच्या मैदानात गेला. अपघात झाला, असं सगळे म्हणतात. मी म्हणत नाही.

तो बेसबॉलचा पिचर होता. अठराव्या वर्षी त्याने घर सोडलं. तेव्हापासून बॅटरला चेंडू टाकणं, एवढंच केलं. अकरा वर्षं, सात गावं, सगळे खालच्या दर्जाचे संघ. एकदा वरच्या संघाने त्याला बोलावलं होतं. तीन दिवस बाकावर बसवलं आणि परत पाठवलं. एकही चेंडू टाकू दिला नाही.

संघात त्याचं कोणाशी पटत नव्हतं. पोरं त्याला आजोबा म्हणायची.

"आजोबा, काठी आणून देऊ का?"

"तुझ्यापेक्षा माझे बूट जुने आहेत," तो म्हणायचा. "आणि जास्त कामाचे."

माझ्याशी मात्र बोलायचा. साहित्याची पदवी घेतल्यावर मला दुसरं काही मिळालं नव्हतं. मी बाकाच्या टोकाला बसून पिचरच्या प्रत्येक चेंडूची कागदावर रेघ मारायचो. बसमध्ये ऑरिन मला शेजारी बसवून घ्यायचा. झोपतानाही उजवा हात माझ्यापासून लांब, खिडकीकडे ठेवायचा.

ऑगस्टमधल्या त्या शनिवारी, सामन्याआधी, मॅनेजर प्रुइटने त्याला बोलावलं. मी दाराशीच होतो.

"वरचा एक पिचर जायबंदी झालाय. सोमवारी फोन येईल. आज पाच डाव टाक आणि हात सांभाळून घरी जा."

"वर टाकू देतील?"

"मंगळवारी. पहिल्या चेंडूपासून."

 बाहेर येऊन ऑरिनने माझा खांदा इतका जोरात दाबला, की दुखला.

सामना नऊ डावांचा. पाच झाले, तरी समोरच्यांना एकही हिट, म्हणजे मारून पळता येईल असा फटका, मिळाली नव्हती. आणि आमच्या बाकावरचं बोलणं थांबलं.

रीतच आहे तशी. पिचरने एकही हिट दिली नसेल, तर त्याच्याशी बोलायचं नाही. जवळ बसायचं नाही. त्याच्याकडे बघायचंसुद्धा नाही, नजर लागते. आणि असा सामना चालू असताना पिचरला बाहेर काढणारा मॅनेजर अजून जन्मायचाय.

सहावा डाव संपला. प्रुइट जागचा हलला नाही. मी कागद घेऊन गेलो.

"ब्याण्णव झाले."

"मी विचारलं?"

"तुम्ही पाच डाव म्हणाला होतात."

"प्रोफेसर, तोंड मिट. जागेवर जाऊन बस."

सातव्या डावानंतर ऑरिन एकटा बसला. दोन्ही बाजूंना चार-चार माणसांची जागा मोकळी. त्याने कोपरावर टॉवेल दाबून धरला होता. मग त्याने मान वळवली आणि एकेकाकडे पाहिलं. ज्याच्याकडे पाही, तो मैदानाकडे तोंड फिरवी.

ऑरिनचे चेंडू झेलणारा कॅचर रूडी सालदान्या माझ्याजवळ गुडघ्यांचे पट्टे आवळत होता.

"चेंडूत जीव राहिला नाहीये," तो पुटपुटला.

"मग सांग ना प्रुइटला."

"मी? वेडा झालास? उद्या हिट बसली, तर जन्मभर माझ्या नावाने खडे फोडतील."

ऑरिनने माझ्याकडे पाहिलं. मी कागदाकडे पाहिलं. एकशे तेरा रेघा.

तो स्वतः का बोलला नाही? त्यालाही अकरा वर्षं हेच शिकवलं होतं.

नववा डाव. शेवटचा बॅटर. एकशे एकेचाळिसावा चेंडू हातातून सुटला आणि त्याच क्षणी ऑरिन ओरडला. चेंडू बॅटच्या कडेला लागून उंच उडाला. रूडीने झेलला. संपलं. लोक उभे राहिले. आमची सगळी पोरं धावली आणि त्याच्या अंगावर कोसळली. चार डाव ज्यांनी त्याच्याकडे पाहिलं नव्हतं, ती पोरं.

"हात! अरे, हात!" तो ढिगाखालून ओरडत होता.

"आजोबा! आजोबा!" वरून पोरं ओरडत होती.

सोमवारी फोन आला. ऑरिन प्लास्टरातला हात मांडीवर घेऊन ऑफिसबाहेर बसला होता. मी शेजारी. दार उघडंच होतं.

"टकेट नाही," प्रुइट म्हणाला. "कोपराचा स्नायू तुटलाय. डॉक्टर म्हणतात, संपला तो. बेडेलला पाठवतो."

बेडेल वीस वर्षांचा. अर्ध्या तासात बॅग घेऊन आला. आमच्यासमोर थांबला.

"आजोबा, फार वाईट वाटतंय."

"एवढं वाटत असेल तर जाऊ नकोस."

बेडेल पळाला.

मग प्रुइट बाहेर आला. त्याने ऑरिनच्या डाव्या हातात त्या सामन्याचा चेंडू ठेवला.

"सगळ्यांनी सह्या केल्यात. असला सामना या गावात कोणी टाकला नव्हता, टकेट. हे कोणी हिरावून घेऊ शकत नाही."

ऑरिन चेंडू फिरवत राहिला. प्रुइट आत गेला.

"याचीपण सही आहे?" ऑरिनने विचारलं.

मी शोधली. शिवणीजवळ, सगळ्यांत मोठ्या अक्षरांत.

"आहे."

"पुसता येते का बघ."

मी थुंकी लावली. बाहीने घासलं. पुन्हा थुंकी लावली.

"निघत नाहीये रे."

"घासत राहा," ऑरिन म्हणाला. "मला कुठे जायचंय?"