अकरा माणसं आणि एक घरचं

जंगलाच्या फाटकाला लागून पत्र्याची एक लांबट खोली आहे. भिंतीभर लाकडी खुंट्या आणि खुंटीखुंटीला उलटे टांगलेले गमबूट. धबधब्याला जाणारा माणूस सकाळी इथून बूट भाड्यानं नेतो आणि दुपारी चिखलानं माखवून परत आणून टाकतो. ते बूट धुणारी बाई म्हणजे बूटवाली. एकोणीस वर्षं तिचा हाच धंदा. दगडी हौदाशी बसायचं, काडीनं तळव्याच्या खाचांतला चिखल उकरायचा, आत हात घालून एखादी जळू राहिली आहे का ते चाचपायचं आणि बूट उलटा टांगायचा. चिखल बघून ती सांगायची, कोण कुठवर गेलं होतं. लाल चिखल म्हणजे पहिल्या चढावरूनच माघारी फिरलेला गडी. काळा चिखल म्हणजे वेताच्या बनापर्यंत. आणि खाचांत बारीक पांढरी रेती निघाली, तर तो माणूस थेट धबधब्याखाली उभा राहून आला.

ही रेती बूटवालीच्या डोळ्यांत सलायची. एकोणीस वर्षांत तिनं ती फक्त दुसऱ्यांच्या बुटांत पाहिली होती.

आणि तिचा नवरा त्या वाटेवरचा सगळ्यांत जुना वाटाड्या होता.

सुरुवातीला पोरगी लहान होती, मग सासूबाईंचं अंथरूण, आणि कायमचे हे बूट. वाट चालू तेव्हा बूट चालू, आणि वाट बंद तेव्हा नवरा पाय पसरून म्हणायचा, "तू काय, घरचीच. जाऊ की कधीही." कधीही म्हणजे कधीच नाही, हे तिला दहाएक वर्षांनी उमगलं.

तेही तिनं सोसलं असतं. पण परत आलेल्या बायका हौदाशी बसून बूट काढता काढता म्हणायच्या, "तुमचे मिस्टर किती गोड बोलतात हो! सगळ्या रस्त्यानं हसवत नेलं आम्हाला."

"हसवत? ह्यांनी?" बूटवाली विचारायची आणि तिच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. घरात त्या माणसाचं बोलणं तीन गोष्टींवर संपायचं: वाढ, छत्री कुठाय, दिवा मालव. मग बायकांच्या मापाचे, सहा नंबरचे बूट ती जरा जास्तच जोरात घासायची. त्या मापाचा रबर लवकर झिजतो कसा, हे बूट पुरवणाऱ्याला कधी कळलं नाही.

त्यात तिची धाकटी बहीण मैत्रिणींना घेऊन आली, मेहुणीच्या मानानं धबधबा बघून आली आणि ओल्या केसांनी हौदाशी बसून म्हणाली, "ताई, दाजींनी मला हाताला धरून ओढ्यापार नेलं. म्हणाले, डावा पाय माझ्या पावलावर ठेव, पडलीस तर तुझी ताई मला घरात घेणार नाही. काय हसलो आम्ही!"

"हसा," बूटवाली म्हणाली. धाकटीचे बूट दोन दिवस तसेच पडून राहिले. त्यांतली रेती झटकायलाही तिचा हात होईना.

अशात वाटाड्याचा उजवा गुडघा बसला. डॉक्टरनं चढ बंद करायला सांगितला. येत्या महिन्यापासून त्यानं तिकिटाच्या खिडकीत बसावं असं ठरलं आणि त्याच्या नावानं वाटेवर एकच फेरी उरली, शनिवारची. ते ऐकलं त्या दिवसापासून बूटवालीच्या जिवाला घोर लागला. धबधबा काय, पुढं कुणाही पोरसवदा वाटाड्याबरोबर बघता आला असता. पण तिला नुसतं पाणी नको होतं. सगळ्या जगाला तो जसा नेतो, जसा दाखवतो, तसं तिला एकदा त्याच्याच हातून हवं होतं. हा शनिवार गेला की ते गेलं.

शनिवारी सकाळी तिनं अकरा जणांना बूट दिले, बारावा जोड स्वतःच्या पायांत चढवला, खोलीला कडी घातली आणि जाऊन खिडकीशी रांगेत उभी राहिली.

"वहिनी, सुट्टे हवेत का?" कारकुनानं विचारलं.

"तिकीट हवंय. एक."

"कुणाला?"

"मला."

कारकुनाला हसू आवरेना. "वाटाड्याच्या घरच्यांना तिकीट नसतं, वहिनी. नियमच आहे. जा तशाच."

"मला तसं नाही जायचं. माणसांच्या चिठ्ठीत मांडा मला."

"अकराची चिठ्ठी केव्हाच दिली त्यांच्या हातात. आणि तुम्ही काय परक्या आहात का मांडायला?"

एवढ्यात वाटाड्या आला. तिच्या पायांतले बूट बघून थबकला. "हे काय?"

"येतेय मी."

"आज?"

"मग काय, पुढच्या महिन्यात खिडकीतून दाखवणार आहात?"

मागं दोघंतिघं हसले. चारचौघांत तो काय बोलणार! "मागं राहा म्हणजे झालं," एवढं पुटपुटला आणि दुसऱ्याच क्षणी लोकांकडे वळून त्यानं असा काही चेहरा उजळवला, की बूटवाली बघतच राहिली. तो चेहरा तिच्या ओळखीचा नव्हता.

"मंडळी, नियम तीन. झाडाला धरण्याआधी झाड बघायचं. मी थांबलो की थांबायचं. आणि मी मोजतो तेव्हा हलायचं नाही. फाटकात मोजतो, ओढ्यावर मोजतो, वरून निघताना मोजतो. एकोणीस वर्षांत एक माणूस कमी आणला नाही. एकदा एक जास्त आला होता, पण तो माकड निघाला."

सगळे खदखदून हसले. बूटवालीला काही हसू आलं नाही. हा विनोद किती वर्षांचा, आणि घरी एकदाही नाही! वाटाड्यानं हातातली काठी एकेकाच्या खांद्याला हलकेच टेकवली, अकरा मोजले, चिठ्ठीशी ताडून बघितलं आणि वाटेला लागला.

जंगल वर मिटलेलं होतं. ऊन खाली यायचं ते गाळून, हिरवं होऊन. नेचे कमरेइतके, वेली मनगटाएवढ्या, आणि वाटेवर रात्रीतून विणलेली कोळ्यांची जाळी वाटाड्या काठीनं अलगद बाजूला करत होता. कुठलंसं पान चुरगाळून लोकांना हुंगायला देत होता. झाडाच्या खोडाला कान लावायला लावत होता. हिरव्या टोपीची एक नर्सबाई त्याच्या अगदी मागं होती. तिला तो म्हणाला, "ताई, इथं जरा उजवीकडून. तुमच्या पायाला काटा लागला तर इथले काटे मला बोल लावतील."

"काट्यांना बरं कळतं!" मागून बूटवालीचा आवाज आला. "आमच्या घरात खिळा लागला तरी कुणी मान वर करत नाही."

तिच्या पुढं एक लठ्ठ दुकानदार धापा टाकत चालला होता. तो खुशीत आला. "मावशी, तुम्ही असंच बोलत राहा. चढ जाणवत नाही."

मग काय विचारता! वाटाड्यानं पुढं काही गोड बोलावं आणि मागून टोमणा यावा. तो म्हणाला, "हळू, घाई नाही." ही म्हणाली, "घाई जेवायलाच असते." तो म्हणाला, "तहान लागली तर सांगा." ही म्हणाली, "सांगा बाई, एकदा तरी हे पाणी देताना बघू दे." लोक हसून हसून बेजार झाले. वाटाड्याचे कान लाल झाले, पण तो मागं वळला नाही.

ओढ्यावर दोरी बांधलेली होती. पाणी गुडघाभर, पण ओढ जबर. वाटाड्या मधल्या धोंड्यावर उभा राहून एकेकाला हात देत होता. नर्सबाईला दिला, दुकानदाराला दोन्ही हातांनी ओढला, नवऱ्याबरोबर आलेल्या एका नव्या नवरीला तर "डोळे माझ्याकडे, पाण्याकडे नको" म्हणत पार केलं. शेवटी बूटवाली काठावर राहिली. तिनं पदर खोचला. त्यानं पलीकडच्यांना काठी टेकवत अकरा मोजले आणि पुढं चालू लागला. बूटवाली दोरीला धरून एकटीच आली. बुटांत पाणी गेलं. ती काही बोलली नाही. दुकानदाराला चढ पुन्हा जाणवायला लागला.

आणि मग वेताचं बन सरलं आणि धबधबा आला.

एवढा उंच असेल असं तिला वाटलं नव्हतं. पाणी पडत नव्हतं, उतरत होतं. वरून सोडलेलं पांढरं सूत मधेच वाऱ्यानं विसकटावं, परत जुळावं, तसं. खाली डोहाचा रंग काचेच्या जुन्या बाटलीसारखा. काठाला तीच रेती, साखरेसारखी. तुषार अंगावर आले आणि बूटवालीला आधी आला तो राग. असलं रोज बघून हा माणूस घरी येतो आणि आमटीत मीठ कमी आहे म्हणतो?

ती एका बाजूच्या धोंड्यावर बसली. लोक ओरडत होते, फोटो काढत होते, उकडलेली अंडी सोलत होते. वाटाड्या त्यांना दाखवत होता, कुठं शेवाळ आहे, कुठं खोल आहे. तिच्याकडे काही तो आला नाही. घटकाभरानं काठी वर झाली. "मंडळी, मोजतो."

दहा. अकरा. त्यानं चौफेर नजर टाकली. नजर तिच्या धोंड्यावरून गेली, तिच्यावरूनही गेली. घरातल्या भिंतीवरून जाते तशी. "अकरा. पूर्ण. चला."

ती हाक मारू शकली असती. तोंड उघडलंही. पण आतून कुणीतरी म्हणालं, राहू दे. बघू तर खरं, कधी आठवतेस. शेवटची पाठ वेतात शिरली आणि ती एकटी उरली.

भीती वाटली नाही. भीतीला जागाच नव्हती, मत्सरानं सगळी अडवली होती. तिनं पाण्याकडे बघितलं, सवतीकडे बघावं तसं. "तूच ना ती?" ती मोठ्यानं म्हणाली. "एकोणीस वर्षं माझा माणूस सकाळी उठून तुझ्याकडे येतो. पाऊस असो, ताप असो. माझ्या बाळंतपणातही आला होता. काय आहे गं तुझ्यात?" पाणी आपलं उतरत होतं. सवत देखणी होती आणि बोलतही नव्हती. असल्या सवतीशी भांडावं तरी कसं?

बऱ्याच वेळानं वेत हलला. आधी वाटाड्या आला, लंगडत, घामानं निथळत. त्याच्या मागं नर्सबाई. मग नवरा-नवरी. मग एकेक करत अकराच्या अकरा, आणि सगळ्यांत शेवटी दुकानदार, तोंडाला फेस आलेला.

"ह्यांना कशाला परत आणलंत?" बूटवालीनं विचारलं.

"वाटाड्यानं माणसं वाटेत सोडायची नसतात."

"मला सोडलंत ती?"

नर्सबाईच बोलली, "मावशी, ओढ्यापर्यंत गेलो होतो आम्ही. परत मोजले, अकरा बरोबर. दोरीला हात घातला आणि हे एकदम थांबले. म्हणाले, टोमणा कसा नाही आला अजून? आणि जे फिरले ते पळतच सुटले."

"गुडघा घेऊन पळालात?"

"मग काय करू?" तो एका दगडावर मटकन बसला. "अकरा बरोबर होते. मी मोजताना मला धरत नाही, तशी तुलाही नाही धरली."

"हे चांगलं की वाईट?"

"मला कुठं कळतंय!"

दुकानदार म्हणाला, "मावशी, माफ करून टाका. मी काही तिसऱ्यांदा चढणार नाही."

"तुम्ही मध्ये पडू नका. तुमचं हृदय सांभाळा." मग ती नवऱ्याकडे वळली. "एवढं ह्या बयेच्या दारी येता रोज. काय बघता ते मला सांगा आज. तेवढ्यासाठी आलेय मी."

वाटाड्यानं कपाळ पुसलं. "मी कुठं बघतो? बघायला लागलो तर कुणीतरी शेवाळावर जातं. मी पाण्याकडे पाठ करून उभा असतो. लोकांचे पाय बघतो. पहिल्या वर्षी बघितला असेल एक-दोनदा. आता नुसता आवाज येतो."

एकोणीस वर्षं बूटवाली जिच्यावर जळत होती, तिच्याकडे ह्या माणसानं धड पाहिलंही नव्हतं.

"उठा," ती म्हणाली. तिनं त्याच्या हातातली काठी काढून घेतली. "पायांकडे मी बघते. तुम्ही बघून घ्या. आजचाच दिवस आहे."

"अगं, जमायचं नाही तुला."

"पाय ओळखण्यात जन्म गेला माझा. जा."

तो काठावर गेला. तिनं पाण्याकडे पाठ केली आणि अकरांसमोर उभी राहिली. "ए टोपी, मागं हो, हिरवट दगड आहे तो. शेटजी, पाय सात नंबरचा असून आठ नंबरचे बूट घेतलेत ना? बसा खाली, घसराल." लोक गुमान बसले.

वाटाड्या बघत होता. मान वर, तोंड थोडं उघडं. तुषारांनी केस भिजले तरी हलला नाही. बूटवालीनं एकदा मान वळवून पाहिलं. पुन्हा पाहिलं. असं तोंड उघडं टाकून हा माणूस लग्नातसुद्धा बघत नव्हता.

"अहो, पुरे."

पाण्याच्या आवाजात त्याला ऐकू गेलं नाही.

"अहो!"

"बघू द्या ना, मावशी," नर्सबाई म्हणाली.

"तुम्ही पाय आत घ्या." तिनं काठी दुकानदाराच्या हातात दिली. "शेटजी, एक जरी हलला तर तुम्हाला फुटके बूट." आणि ती तरातरा गेली ती थेट नवऱ्याच्या आणि पाण्याच्या मधोमध जाऊन उभी राहिली, रेतीत पाय रोवून, कमरेवर हात ठेवून. तुषारांनी तिची पाठ चिंब झाली.

"अगं, बाजूला हो. दिसत नाही."

"मी दिसतेय का?"

त्यानं डोळ्यांवरचं पाणी पुसलं आणि बघितलं. बराच वेळ बघितलं. ती बाजूला झाली नाही.