शनिवार पेठेतला यादनवीस

आमच्या घराला भूतबीत परवडणारंच नव्हतं. वडील — आम्ही त्यांना अण्णा म्हणतो — पेठांमधून "टाकीएऽऽ" ओरडत हिंडायचे. पाटे-वरवंटे गुळगुळीत झाले की छिन्नीने ठोकून पुन्हा खरबरीत करून द्यायचे. घरोघरी मिक्सर आले आणि अण्णांची आरोळी नुसतीच गल्लीतून फिरून यायला लागली. संध्याकाळी आई आधी त्यांचा चेहरा बघायची, मग स्टोव्ह पेटवायचा की नाही ते ठरवायची. अशा घरातून मी बी.ए. झाले. इतिहासात, फर्स्ट क्लास. आमच्यातली पहिली. त्यामुळे करणी, चकवा, अंगात येणं असलं कुणी सांगायला लागलं की मी सरळ उठून जायचे. हे आधीच सांगून ठेवते, म्हणजे 'हिला असलंच आवडतं' असं कुणाला वाटायला नको.

तेव्हा मी सदाशिव पेठेत एका क्लासमध्ये इतिहास शिकवायचे. मे महिना, भर दुपार. क्लास सुटल्यावर शनिवार पेठेतून चालले होते. ऊन सहन होईना म्हणून एका घराच्या दगडी पायरीवर टेकले, बाटली उघडली, थोडं पाणी पायरीवर सांडलं... आणि गाड्यांचा आवाज बंद झाला. कुणीतरी रेडिओ बंद करावा तसा.

त्याऐवजी छिन्न्यांचा आवाज. चारी बाजूंनी. मान वर केली तर समोर शनिवारवाड्याचा तट, पण अर्धाच! खालचं दगडी काम झालेलं, वरचं विटांचं व्हायचं होतं. हेच मी सकाळी फळ्यावर काढून दाखवलं होतं.

पायरीपाशी पगडीवाला एक म्हातारा मांडी घालून बसला होता. कानावर बोरू, पुढ्यात काळ्या दगडाची पाटी आणि तांब्याभर पाणी. समोर लोकांची रांग. बोरू पाण्यात बुडवून तो पाटीवर नाव लिहायचा, रांगेतला माणूस ते मोठ्याने म्हणायचा, की अक्षरं वाळून जायची.

"शाई नाही?" मी विचारून बसले.

"शाई सरकारी कागदांना," तो खाली बघतच म्हणाला. "आम्ही यादनवीस. पाणी वाळायच्या आत घरच्या माणसाने 'हे आमचं' म्हणून नाव घेतलं, की त्या घराला ते कधी विसरता येत नाही. नाही घेतलं तर गेलं. आपण कुणाकडच्या?"

सवयीने तोंडातून निघालं, "वडिलांचा स्टोनचा बिझनेस आहे."

"असं का? आता मराठीत सांगा."

रांग हसली. घाबरून मी पेशव्यांची वंशावळ म्हणायला सुरुवात केली. तेवढी घडाघडा पाठ होती.

"त्यांचं लिहायला पगारी माणसं आहेत, आपण कशाला त्रास घेता? आणि त्यातले निम्मे अजून जन्मायचे आहेत. आपल्या आजोबांचे आजोबा कोण, ते सांगा."

मला ठाऊक नव्हतं. खरंच ठाऊक नव्हतं.

तेवढ्यात तटाकडून एक बाई आली. गुडघ्यापर्यंत लुगडं, केसांवर, पापण्यांवर दगडाची पूड. रांगेतले लोक अंग चोरून बाजूला झाले.

"रोज येते ही," यादनवीस म्हणाला. "नाव द्यायला तयार, घ्यायला कुणी नाही."

बाईने मला निरखून पाहिलं. "ही माझीच हाय की."

"कशावरून?"

"बगा ना, कशी मान खाली घालून हुबी ऱ्हायलीया. आमच्या समद्यांचं हेच."

माझे कान तापले. म्हाताऱ्याने लिहिलं. आधी गावाचं नाव, मग 'सखू पाथरवटीण'. पाटी माझ्याकडे सरकवली. "घ्या."

भोवती सगळी उपरणी आणि भरजरी पदर. माझा इस्त्रीचा कुर्ता, खांद्याला पर्स. 'ही आमची' एवढंच म्हणायचं होतं. तोंड उघडेना. दगड तापलेला, गावाची अक्षरं कडेने आटायला लागली.

"बाई, ऊन आपल्यासाठी थांबणार नाही," यादनवीस मला म्हणाला.

सखू पाटीकडेच बघत होती, माझ्याकडे नाही. गाव पुसलं गेलं तेव्हा कुठे मी ओरडले, "सखू पाथरवटीण! आमची आहे! टाकीवाल्यांची!"

"गाव गेलं की गं, पोरी," ती हळूच म्हणाली.

"अहो, पायरी बसायला नाहीये, पाटी वाचता येत नाही का?" — हे मात्र आजचं पुणं होतं. घरमालक दारात उभे, मागे स्कूटरचा हॉर्न.

घरी मी कुणाला काही बोलले नाही. जेवताना अण्णाच आईला म्हणाले, "आपल्या सखूने घडवलेले दगड अजून तसेच आहेत तटाला."

"कोण सखू?" माझा आवाज चिरका निघाला.

"अगं, सखू पाथरवटीण! आपली मूळ बाई. बी.ए. ना तू?"

"कुठल्या गावची, अण्णा?"

त्यांचा घास हातातच राहिला. "गाव... काय बरं..."

आत्याला विचारलं, चुलत्यांना फोन केले. नाव सगळ्यांच्या तोंडी, अगदी लहानपणापासून ऐकल्यासारखं. गाव कुणालाच आठवेना. डॉक्टर मैत्रीण म्हणते, तुला ऊन लागलं होतं. लागलं असेल! पण मग आत्याला सखू कुठून माहीत?

गाव मी लाजले म्हणून गेलं. त्याची शरम अजून जात नाही. मात्र आजोबांच्या आधीचं ज्या घराला काहीच माहीत नव्हतं, त्या घरातली शाळकरी पोरंही आता आपल्या मूळ बाईचं नाव सांगतात. सखू पाथरवटीण.