डावखुरा राजा

साळवेबाई गेल्याचा फोन त्यांच्या भाचीने केला, तेव्हा मी राहुरीच्या महाविद्यालयात उत्तरपत्रिका तपासत होतो. फोन ठेवल्यावर दुःखाच्याही आधी मला सुटल्यासारखे वाटले... ते वगळून बाईंविषयी काही लिहिण्याचा मला अधिकार नाही.

डॉ. एस्तेर साळवे यांनी उभे आयुष्य मूकपटांच्या अभ्यासात घालवले. त्यांचा शोध मात्र चित्रपटांपेक्षा ते पाहणाऱ्यांचा होता. रिळे जळून, कुजून गेली होती. उरली होती ती तंबूत बसून ती पाहिलेली माणसे. गावात वीज येण्याआधी पडदा आला, तेव्हा या माणसांच्या मनात काय हलले, हे बाईंना हवे होते. त्यासाठी त्या नगरहून एसटीने गावोगाव हिंडत. प्रत्येक आठवण एका कार्डावर, आणि तळाशी एक ठरलेली ओळ: 'कोठे बसून सांगितले'. ओटा, गोठा, दवाखान्याचे बाकडे... ती ओळ कोरी दिसली की बाई चिडत.

सत्ताविसाव्या वर्षी, नुकताच नोकरीला लागलेला मी त्यांना मदत करू लागलो. शेवगावची नऊ कार्डे प्रामाणिकपणे आणली. जामखेडला मात्र गेलोच नाही. मे महिना होता, कंटाळा आला होता. घरी बसून मी एक म्हातारी रचली. तंबूत बायका पडद्याच्या मागच्या बाजूला बसत, हे ऐकून ठाऊक होते. तेवढ्यावरून तिच्या तोंडी घातले: "आमाला समदं उलटंच दिसायचं. आमचा राजा डावखुरा हुता. लई दिवस मला वाटायचं, राजे डावखुरेच असत्यात."

बाईंनी कार्ड दोनदा वाचले. "छान बोलतात रे तुझ्या आजी. मलाही एकदा घेऊन चल." तळाची ओळ मी कोरीच सोडली होती, तरी त्या चिडल्या नाहीत.

पुढे प्रत्येक भेटीत त्या आजींची चौकशी करत. मी आजींना कधी मुलीकडे पाठवले, कधी आजारी पाडले. दोन वर्षांनी मारूनच टाकले. बाईंनी चष्मा काढून पुसला.

"जाताना त्रास नाही ना झाला?"

"नाही."

"बरं झालं. तुझीही फार दगदग होत होती."

ती सहानुभूतीच आहे, अशी मी समजूत करून घेतली.

काही वर्षांनी त्यांचा ग्रंथ आला. स्त्रियांच्या पाहण्यावरच्या प्रकरणाची विशेष वाखाणणी झाली. बाईंनी सही करून दिलेली प्रत मी कधीच उघडली नाही. त्या प्रकरणाखाली माझे खोटे पुरलेले असणार, ही धास्ती. जाणे-येणेही कमी केले. शेवटच्या आजारात त्यांनी दोनदा बोलावले. दोन्ही वेळा मी परीक्षांचे कारण सांगितले.

गेल्या आठवड्यात भाचीने मला बाईंची कार्डे लावायला बोलावले. निघण्याआधी ते प्रकरण उभ्यानेच वाचून काढले. शेवगावची माझी नऊही माणसे तेथे आहेत, नावानिशी. जामखेडची आजी कोठेच नाही. दिलासा मिळायला हवा होता... पण मग ती दोन वर्षे बाई कोणाची चौकशी करत होत्या? प्रत्येक वेळी त्यांनी दार उघडून धरले होते, आणि मी आजींच्या तब्येतीविषयी बोलत राहिलो.

बाईंच्या खोलीत ते कार्ड 'अपुरी' असे लिहिलेल्या खणात सर्वांत पुढे होते. तळाची ओळ अजून कोरी. टेबलाला दोरीने बांधलेली त्यांची पेन्सिल घेतली, आजींचे नाव खोडून माझे लिहिले, आणि ओळ भरली: 'राहुरी, स्वतःच्या घरी, पंख्याखाली बसून.' मग हे आता कोणत्या खणात लावू, असे विचारायला सवयीने त्यांच्या खुर्चीकडे वळलो...