चाक देणारा पाहुणा

वीसेक वर्षांपूर्वी मी अमेरिकेत नोव्हायला मुलाकडे राहत असताना युक्रेनचा एक व्यावसायिक सायकलपटू आमच्या घरी उतरला होता. गावात दरवर्षी होणाऱ्या सायकल शर्यतीच्या स्पर्धकांना घरोघरी ठेवून घेण्याची तिथे पद्धत आहे.

तो दिवसभर भिंतीला पाय टेकवून जमिनीवर पडून राही आणि जेवताना वरणभात तिसऱ्यांदा मागून घेई. मुलाच्या मित्रांचे ऐकून तोही मला काका म्हणू लागला.

त्याचा संघाशी असलेला करार संपत आला होता. या शर्यतीत वरचा क्रमांक मिळाला, तरच नवा करार होणार होता.

शर्यतीत तो आघाडीच्या घोळक्यात होता. आमच्यासमोरच त्याच्या संघनायकाचे चाक पंक्चर झाले. हा थांबला आणि त्याने आपले चाक काढून नायकाला दिले. नायक जिंकला. हा फार मागे पडला.

"मी नसतं दिलं," संध्याकाळी मी त्याला म्हणालो.

तो मोठ्याने हसला. "मग काका, तुम्हाला कुठलाच संघ घेणार नाही!"

पुढच्या वर्षी तो संघ पुन्हा आला. त्यात तो नव्हता.

"बाबा, या वर्षी कुणाला होस्ट करायचं का?" सुनेने विचारले.

"नको," मी म्हणालो.