बर्फातल्या करवंदांचा मुरंबा

भाऊ आईला बेंगळुरूला घेऊन आला तेव्हा तिच्या पिशवीत दोन लुगडी, एक शाल आणि श्रीखंडाचा जुना प्लास्टिकचा डबा होता. डब्यात काळी, पिकलेली करवंदं गच्च भरलेली होती. हंगामाच्या शेवटाची ती करवंदं आईने स्वतः रानात जाऊन काढली होती. तेव्हा तिच्या तोंडात जखम होती. मशेरीने तोंड आलं असेल, आपोआप जाईल, असं समजून तिने तो सगळा मे महिना तसाच काढला होता.

दवाखान्याची घाई होती. डबा फ्रीजरमध्ये ठेवला आणि आम्ही निघालो. मग तपासण्या, रिपोर्ट, मोठ्या डॉक्टरांची वेळ. जखम साधी नव्हती. रोज लाईट द्यायची ठरली. किरणांच्या उपचारांना आमच्या भागातली माणसं असंच म्हणतात, लाईट देणं. भाऊ शेतीच्या कामाला गावी परतला. त्या डब्याची आठवण कुणालाच राहिली नाही.

मी आधी महादेवपुऱ्यात ऑफिसजवळ राहत होते. आई येणार म्हणून चामराजपेटेत एका जुन्या घराच्या वरच्या मजल्यावर दोन खोल्या घेतल्या, कारण दवाखाना तिथून जवळ पडायचा. खाली घरमालकीण राहतात. त्यांचं घराणं या शहरात कधी आलं ते त्यांच्या घरातल्यांनाही नीट सांगता येत नाही, इतकं जुनं. घरात मराठी बोलतात, पण त्या मराठीत निम्मं कानडी असतं. त्यांना सगळी गल्ली अक्का म्हणते, मीही अक्काच म्हणते. आई आली त्या दिवशी त्यांनी वर येऊन तिची विचारपूस केली आणि जाताना मला जिन्यात म्हणाल्या, "आईला दिवसाआड तूप घाल गं. हाडं दिसतात."

आईची हाडं मला तरी कधी झाकलेली आठवत नाहीत. आमचं गाव खानापूरच्या पुढे, रानाच्या कडेला. उन्हाळ्यात करवंदं पिकली की आई पहाटे रानात शिरायची आणि ऊन चढायच्या आत टोपली भरून फाट्यावर येऊन बसायची. गोव्याकडे जाणाऱ्या गाड्या तिथे थांबायच्या. पानांचे द्रोण करून ती करवंदं विकायची. माझी वह्या-पुस्तकं, गणवेश, तालुक्याच्या शाळेत जायचा बसचा पास, हे सगळं त्या टोपलीतून आलं. हे मी कौतुक म्हणून लिहीत नाही. आमच्या घरात माझ्याआधी कुणी दहावीच्या पुढे गेलं नव्हतं, आणि आज माझ्या नावापुढे जी पदवी आहे ती कशी आली हे मला नेमकं माहीत आहे, एवढंच.

विकायच्या करवंदांचा आम्ही घरी काही पदार्थ करायचो नाही. साखर चहापुरती असायची. खराब झालेली, फुटलेली तेवढी आम्ही भावंडं मीठ लावून खायचो.

दहावीचा निकाल लागला तेव्हा आमच्या शाळेतल्या एका बाईंनी आम्हाला घरी जेवायला बोलावलं. आई यायला तयार नव्हती, मी ओढून नेली. बाईंनी पोळीबरोबर वाटीत करवंदांचा मुरंबा वाढला. आईने आधी बोटाने जरासा चाटला, मग मान खाली घालून सगळी वाटी संपवली. परतताना ती बसमध्ये खिडकीशी बसली. मग म्हणाली, "एवढी वर्षं विकली, पण करवंदाचं असं कायतरी होतंय हे ठाऊकच न्हवतं गे." त्या बाई पुढे बदलीवर गेल्या. त्यांच्याकडून कृती विचारून घ्यावी असं आमच्यापैकी कुणाला सुचलं नाही. सुचलं असतं तरी साखर कुठून आणली असती?

लाईट सुरू झाल्यावर काही दिवस आई जेवत होती. मग तिला चव लागेनाशी झाली. आधी गोड गेलं. चहा पिऊन म्हणायची, साखर घालायला विसरलीस. मी अजून घालायची, तरी तेच. मग सगळंच मातीसारखं लागायला लागलं आणि तोंडभर फोड आले. भात बंद झाला, पेज बंद झाली. नाचणीची पातळ आंबील चमच्याने द्यायची तर तीही अर्ध्या वाटीवर थांबायची. मी ऑफिसचं काम घरून करत होते. एका खोलीत मीटिंगमध्ये बोलायचं, दुसऱ्या खोलीत जाऊन "आई, अजून एक चमचा" म्हणायचं.

वजन उतरत होतं. डॉक्टर चांगले होते, ओरडले नाहीत. मला बाजूला घेऊन हिंदीत त्यांनी समजावलं की असंच चाललं तर उपचार मध्येच थांबवावे लागतील. शुक्रवारी पुन्हा वजन करू, तोवर तोंडाने पोटात काही जायला लागलं तर ठीक, नाहीतर नाकातून नळी घालून अन्न द्यावं लागेल. नळी म्हणजे काही भयंकर नाही, असंही ते म्हणाले.

आईला हिंदी कळत नाही, पण नळी हा शब्द तिने डॉक्टरांच्या बोटावरून ओळखला. ते बोलताना बोट नाकाकडे नेत होते. लाईटच्या रांगेत तिच्या शेजारी एक म्हातारा बसायचा, त्याच्या नाकात नळी होती. एक दिवस तो आला नाही, मग आलाच नाही. रिक्षात बसल्यावर आई म्हणाली, "नळी घातलेलं माणूस परत तोंडानं खात न्हाई. मी बघितलंय. मला ते नको."

मी म्हटलं, मग खायला पाहिजे. तिने मान हलवली. घरी जिना चढताना मध्येच थांबून तिने कठडा धरला आणि म्हणाली, "बाईंच्या घरी खाल्लेलं आठवतंय काय गे तुला? तसलं कायतरी असतं तर गिळलं असतं मी."

तेव्हा मला तो डबा आठवला.

करवंदं दगडासारखी झाली होती, एकमेकांना चिकटून, वर बर्फाची पांढरी साय. तरी काळा रंग तसाच होता. मी डबा नेऊन आईच्या हातात दिला. तिने झाकण उघडून आत बघितलं, बोट लावलं आणि गार लागलं म्हणून झटकन काढलं. "अजून हैत?" असं तिने विचारलं तेव्हा तिचा आवाज बऱ्याच दिवसांनी नेहमीसारखा होता. तिने पलंगावर सरळ बसून मला कामाला लावलं. एवढ्या दिवसांत ती माझ्यावर पहिल्यांदा हुकूम सोडत होती, आणि मला त्याचा केवढा आनंद झाला ते मी सांगू शकत नाही. वाटलं, आता खाईल. खरंच वाटलं.

"आधी मिठात चोळून घे," ती म्हणाली. "चीक जायला पायजे. न्हाईतर ओठ चिकटतात."

हे मलाही ठाऊक होतं. झाडावरून काढलेल्या करवंदाच्या देठातून पांढरा चीक येतो. जाडं मीठ घालून करवंदं पाण्यात चोळायची, दोन-तीनदा पाणी बदलायचं. लहानपणापासून हे माझ्या हातांनी केलेलं आहे. त्यात विचार करण्यासारखं काही असतं असं मला वाटलंच नाही. मी करवंदं पातेल्यात काढली, बर्फ सुटेपर्यंत ठेवली, मूठभर मीठ घातलं आणि चोळायला लागले.

ताज्या करवंदाची साल घट्ट असते, चोळलं तरी फक्त चीक सुटतो. बर्फात राहिलेलं करवंद विरघळल्यावर तसं राहत नाही. हाताखाली ती एकेक करून फुटली. पाणी लालभडक झालं. मला वाटलं घाण निघते आहे, म्हणून मी ते ओतून दिलं आणि पुन्हा पाणी घेतलं. तेही लाल. तेही ओतलं. तिसऱ्यांदा पाणी फिकं झालं तेव्हा पातेल्यात राहिल्या होत्या साली आणि बिया. करवंद मोरीतून गेलं होतं.

मग मोबाइलवर शोधलं. बर्फातली फळं विरघळू न देता तशीच साखरेत टाकून शिजवावीत, सुटणारा रस हाच त्यांचा जीव असतो, असं सगळीकडे लिहिलेलं होतं. हे मला आधी शोधता आलं असतं. दिवसभर माझं कामच शोधून वाचण्याचं आहे. पण करवंदांबद्दल कुणाला विचारायचं असतं हेच मनात आलं नाही. आम्हा दोघींना करवंद पाठ होतं. आमच्या गावातल्या घरी फ्रीज कधीच नव्हता.

आई आतून विचारत होती, झालं काय, झालं काय. मी म्हटलं, होतंय.

त्या साली मी साखर घालून शिजवल्या. बिया चाळणीवर चोळून काढल्या. रंग यावा म्हणून जास्त वेळ आटवलं, आणि चमचाभर चाखलं तर मिठाचा खारटपणा, म्हणून आणखी साखर घातली. खालून अक्का वासाने वर आल्या. पदराला हात पुसत त्यांनी पातेल्यात वाकून बघितलं आणि चमचा मागितला.

"छान झालंय गं," त्या म्हणाल्या. मग जीभ टाळ्याला लावून थांबल्या. "पण उप्पु लागतंय स्वल्प. मुरंब्यात मीठ घालतात काय तुमच्यात?"

मी काय झालं ते सांगितलं. त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, "सरी, सरी, असू दे. आजारी माणसाला कुठे एवढं कळतं. दे तू." आणि आईपुढे जाऊन बसल्या.

आईने तोंड धुतलं. केसांचा अंबाडा नव्याने घातला. पलंगावर नको म्हणाली, जेवणासारखं खाली बसायचं होतं तिला. अक्कांनी आणि मी धरून तिला चटईवर बसवलं. मी छोट्या वाटीत मुरंबा घातला, गार झालेला, थोडं पाणी घालून सैल केलेला. चमचा दिला तर तिने तो बाजूला ठेवला आणि बोटाने घेतला.

तो तिने तोंडात ठेवला. मी तिच्याकडे बघत होते. आधी काहीच झालं नाही. मग तिच्या मानेच्या शिरा ताठ झाल्या आणि डोळ्यांतून पाणी यायला लागलं. तिचं तोंड फोडांनी भरलेलं होतं, आणि मी त्यात आंबट आणि मीठ घातलं होतं. हे मला त्या क्षणापर्यंत सुचलं नव्हतं. मी म्हणाले, "थुंक आई, थुंकून टाक," आणि तिच्या ओठांखाली हात धरला. तिने मान हलवून नाही म्हटलं. अक्कांनी तिच्या पाठीवर हात ठेवला. बराच वेळ ती तशीच बसली, ओठ घट्ट मिटून, आणि मग तिने ते गिळलं. गिळताना तिचा सगळा देह वाकला. लगेच खोकला आला आणि गेलेलं सगळं परत आलं, थोडं लाल. ते करवंदाचं लाल होतं की रक्ताचं, ते मी बघितलं नाही. पुसून टाकलं.

खोकला थांबल्यावर तिने मला विचारलं, "गोड झालंय न्हवं?"

मी व्हय म्हटलं.

"मला काय लागलं न्हाई गे," ती म्हणाली. तक्रार नव्हती. वाटी तिने माझ्याकडे सरकवली. "बाईंच्या घरचंसुद्धा आता कसं होतं ते आठवंना. आधी आठवत होतं. आत्तापर्यंत होतं."

अक्का उठून खिडकीशी गेल्या.

मी म्हटलं, फोड बरे झाले की परत करू, मेमध्ये नवीन येतील, या वेळी मी नीट विचारून करीन. मी भराभर बोलत होते. तिने मला बोलू दिलं. मग म्हणाली, "शुक्रवारपर्यंत कशाला थांबायचं. उद्याच घाला म्हणावं नळी."

मी तिला समजवायला हवं होतं की अजून दिवस आहेत, खिचडीचं पाणी करून बघू, डाळीचं बघू. ज्या नळीला ती एवढी घाबरत होती तिच्याबद्दल ती एवढ्या सहज बोलत होती. तोंडाने खायचं म्हणून जे एक काही तिच्या मनात उरलं होतं, ते आम्ही दोघींनी मिळून करून बघितलं होतं.

दुसऱ्या दिवशी नळी घातली. तिने हूं की चूं केलं नाही. सिस्टरांनी कन्नडमध्ये तिचं कौतुक केलं, मला कसं द्यायचं ते शिकवलं. सगळं गाळून, अगदी पातळ, कोमट. मी मूर्खासारखं विचारलं की गाळून घेतलेला मुरंबा चालेल का. त्या म्हणाल्या, चालेलही, पण कशाला, चव थोडीच लागणार आहे.

उरलेल्या मुरंब्याची बरणी फ्रीजमध्ये होती, पाक घट्ट होऊन त्याला खडे धरले होते. अक्कांनी एक दिवस न विचारता ती उचलून खाली नेली. त्यांनी काय केलं ते मी विचारलेलं नाही.

आता उपचार पुरे झाले आहेत. वजन थोडं वाढलं, डॉक्टरांना बरं वाटलं. नळी अजून आहे. किती दिवस राहील ते नक्की कुणी सांगत नाही, आणि आईने विचारलेलं नाही. भूक लागली असंही ती म्हणत नाही. आज काय घातलंस, असंही विचारत नाही. मी सिरिंज उंच धरते, नाचणीचं पाणी हळूहळू खाली उतरतं, ती भिंतीकडे बघत बसते. मी काहीतरी बोलत राहते, ऑफिसचं, गावाकडचं, भावाच्या भाताचं. सिरिंज रिकामी झाली की मी नळीचं टोपण लावते. मग ती पदर घेते आणि तोंड पुसते, नीट, दोन्ही कोपरे, जेवून उठलेलं माणूस पुसतं तसं.