समोरून न दिसणारा दरवाजा

“दरवाजा तो दरवाजा होता है. कौन पहचानेगा?”

काचेपलीकडे बसलेल्या दिग्दर्शकांचं हे वाक्य माझ्या हेडफोनमध्ये आलं. माझ्याशी बोलायचं बटण ते बंद करायला विसरले होते. नोएडातल्या त्या स्टुडिओत मी सह्याद्रीतल्या किल्ल्यांवरच्या माहितीपटासाठी मराठी निवेदन वाचत होते. खोलीला खिडकी नव्हती. एसीचा आवाज येतो म्हणून तोही बंद. दार जड, खांदा लावल्याशिवाय न उघडणारं.

पडद्यावर एक भव्य दरवाजा होता. त्याच्यापुढे सरळ, रुंद रस्ता. फळ्यांवर हत्तींना अडवणारे अणकुचीदार खिळे. माझ्या कागदावर पुढचं वाक्य होतं, ‘हा या गडाचा महादरवाजा.’

तो त्या गडाचा नव्हता. मी दहा वर्षांची असताना सुट्टीत बाबांनी मला त्याच गडावर नेलं आणि दरवाजा शोधायला सांगितलं. समोर नुसते दोन बुरूज. मी रडकुंडीला आले. मग बुरुजांमधल्या चिंचोळ्या वाटेने वळलो आणि तो एकदम पुढ्यात आला. हत्तीला इथे धाव घ्यायला जागाच नाही, बाबा म्हणाले. वरून मारा सुरू झाला की माणसालाही मागे फिरता येत नाही. शाळेत इतिहास इंग्रजीत शिकले. मराठीतून मला मिळालेला इतिहास साधारण एवढाच.

संहिता लिहिणारे काका दिग्दर्शकांशेजारीच होते. बाबांच्या ऑफिसातले, लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी वसाहतीत आमच्या वरच्या मजल्यावर राहणारे. हे काम त्यांनीच मिळवून दिलं होतं. गडावर धुक्यामुळे शूटिंग वाया गेलं, म्हणून राजस्थानातला जुना शॉट लावलाय, हे मला त्यांच्या बोलण्यातून कळलं. रविवारी कोपर्निकस मार्गावरच्या सभागृहात फिल्म दाखवणार होते. बाबांनी सगळ्या बिल्डिंगला आमंत्रण दिलं होतं: माझ्या मुलीचा आवाज आहे.

“ती काही नाही बोलायची,” काका हसून हिंदीत म्हणाले. “लहानपणापासून बघतोय.”

मी तीनदा त्या वाक्यापर्यंत आले आणि तीनदा खोकले. पाणी प्यायले. बाटली संपली.

“अगं, घसा बसला का?” काकांनी विचारलं. “एवढं एकच वाक्य राहिलंय.”

माइक चालूच होता.

“काका, हा दरवाजा त्या गडाचा नाही. मी हे वाचणार नाही.”