स्वतःहून हजर

सुनामीनंतर जपानच्या उत्तरेकडच्या किनाऱ्यावरून आमच्या इचिकावा शहरात येऊन राहिलेल्या एका म्हाताऱ्या बाईंवर मी अन्याय केला. माझ्याच हाताने, लेखी. इतकी वर्षं झाली तरी आठवलं की डोकं तापतं. स्वतःवर तर तापतंच, पण ज्यांनी तो गोड बोलून माझ्याकडून करून घेतला त्यांच्यावर जास्त.

आजी आमच्या खालच्या मजल्यावर राहायच्या. ओळख कचऱ्यावरून झाली. मी नवऱ्याबरोबर जपानला नुकतीच आलेली, नवखी होते. दुधाचं खोकं न धुता तसंच टाकलं. त्यांनी ते वर आणलं, माझ्याच सिंकमध्ये धुतलं, कात्रीने उभं कापलं, वाळत ठेवलं आणि निघून गेल्या. दुसऱ्या दिवशी मी चिवडा घेऊन खाली गेले, आणि जाणंयेणं सुरू झालं. त्यांचं घर, नवऱ्याचा फोटो, देव्हारा, सगळं एका दुपारी समुद्राने नेलं होतं. मुलगा नागोयाला गाड्यांच्या कारखान्यात होता. तो बोलवायचा, या जात नसत.

सुनामीबद्दल त्या कधी रागाने बोलल्या नाहीत. समुद्र कुणाला विचारून येत नाही, एवढंच म्हणायच्या. आवाज बदलायचा तो वडिलांचा विषय निघाला की.

वडील कात्सुओ जातीचे मासे पकडणाऱ्या बोटीवर इंजिन सांभाळायचे. युद्धात आरमाराला टेहळणीसाठी जहाजं कमी पडायला लागली, तेव्हा त्याने मासेमारीच्या बोटी ताब्यात घेतल्या. बोटीबरोबर माणसंही घेतली, जाळी-दोरखंडं घ्यावीत तशी. लाकडी बोटीला करडा रंग फासायचा, एक मशीनगन, एक वायरलेस द्यायची, आणि दूर महासागरात नेऊन उभी करायची. शत्रूचं जहाज दिसलं की कळवायचं. कळवल्यावर त्या बोटीचं काय होणार हे बंदरातल्या पोरासोरांनाही ठाऊक होतं. आजींचे काका असेच गेले होते, परत आले नव्हते.

म्हणून हुकुमाचा कागद आला तेव्हा वडील डोंगरात कोळसा पाडणाऱ्यांच्या झोपडीत जाऊन लपले. मग गावच्या कचेरीतला एक माणूस आणि हवालदार घरी आले. त्यांनी आईला नेलं आणि चौकीतल्या बाकावर बसवलं, पाठीला तान्हं बांधलेलं. मारलं नाही, शिवी दिली नाही. नवरा आला की तुम्ही मोकळ्या, एवढंच सांगितलं. आजी तेव्हा आठ वर्षांच्या. त्या दोन दिवस आईला भात पोहोचवत होत्या. तिसऱ्या दिवशी सकाळी वडील डोंगर उतरून चौकीत आले. हवालदाराने वहीत नोंद केली आणि लिहितालिहिता मोठ्याने वाचली: स्वतःहून हजर. आईने ते ऐकलं. पुढे आयुष्यभर ती हे दोन शब्द शिवीसारखे वापरायची.

काही महिन्यांनी घरी अस्थी ठेवतात तशी एक लाकडी पेटी आली. आत अस्थी नव्हत्या, फक्त वडिलांचं नाव लिहिलेला कागद होता.

हे ऐकलं तेव्हा मला आपला मराठी शब्द आठवला. वेठ. वेठीला धरणं. बायकोला ओलीस धरायचं, नवऱ्याला जबरदस्तीने राबायला न्यायचं, दोन्हीला आपल्याकडे एकच शब्द पुरतो. मी तो आजींना सांगितला. त्यांनी दोनतीनदा म्हणून पाहिला.

युद्ध संपून सत्तर वर्षं झाली त्या उन्हाळ्यात आमच्या भागातल्या सभागृहात एक छोटं प्रदर्शन भरलं. भागातल्या वृद्धांच्या आठवणी, जुन्या वस्तू असं काहीबाही. परदेशी लोकही बघायला येतील म्हणून फलकांचं इंग्रजी करायचं काम माझ्याकडे आलं. आजींकडे वस्तू कुठली उरायला! त्यांनी आठवून आठवून वडिलांची बोट काढून दिली, रंगीत पेन्सिलींनी. समितीचे अध्यक्ष निवृत्त शिक्षक होते. आजींशी बोलून चित्राखालचा मजकूर त्यांनी लिहिला. त्यात होतं, की या बोटीवरच्या कोळ्यांनी आरमाराच्या कामात सहकार्य केलं.

मी त्यांना फोन केला. म्हटलं, यांनी सहकार्य केलेलं नाही, यांना पकडून नेलंय. ते शांतपणे म्हणाले, तसा कागद काही उपलब्ध नाही. मुलं बघायला येणार, कुणाला वाईट वाटायला नको, आपण भाषा सौम्य ठेवतोय. तुम्ही फक्त आहे त्याचं भाषांतर करा. नवराही म्हणाला, आपण इथे पाहुणे, कशाला पडतेस त्यात. आणि मी केलं. नुसतं केलं नाही, वाक्य इंग्रजीत सुबक वाटावं म्हणून 'स्वेच्छेने' असा शब्द पदरचा घातला. खाली भाषांतरकार म्हणून माझं नाव छापलं होतं.

पहिल्याच दिवशी मी आजींना घेऊन गेले. मजकूर त्यांना आधी दाखवायचं मला धाडस झालं नव्हतं. त्यांनी चष्मा लावून तो सावकाश वाचला. इंग्रजीकडे बोट करून मला विचारलं, "इथेही हेच लिहिलंय?"

मी म्हटलं, "याहून वाईट लिहिलंय. मी लिहिलंय."

तेवढ्यात अध्यक्ष वाकून नमस्कार करत आले, चित्र फार सुंदर आहे म्हणाले. आजींनी मजकूर बदला म्हणून सांगितलं. त्यांनी अतिशय अदबीने पुन्हा तेच ऐकवलं: काही लेखी पुरावा असता तर बरं झालं असतं.

"माझ्याकडचा कागद सुनामीत गेला," आजी म्हणाल्या. "पण कागद पाठवला होता तो तुमच्या सरकारने. त्याची नक्कल त्यांच्याकडे असेल. ती हरवली असेल तर त्यांना जाऊन विचारा. मला कशाला विचारता?"

अध्यक्ष पुन्हा वाकले. त्या वाकण्याची मला इतकी चीड आली की टेबलावरचा मार्कर उचलून मी माझ्या फलकावरचं वाक्य खोडलं आणि मोठ्या अक्षरांत लिहिलं: बायकोला ओलीस ठेवून यांना पकडून नेलं. दोनचार माणसं थांबून बघत होती. आजींनी टाचण्या काढल्या, चित्र गुंडाळलं आणि आम्ही बाहेर पडलो.

दुसऱ्या दिवशी तो फलक तिथे नव्हता. मला पुन्हा कधी काम आलं नाही. अध्यक्षांचं एक सुंदर अक्षरातलं आभाराचं पत्र मात्र आलं. ते मी टराटरा फाडलं.

त्या दिवशी सभागृहातून परतताना वाटेत मी आजींची माफी मागितली होती. त्या म्हणाल्या, "माफीचं मी काय करू? आता बरोबर लिही."

तो सगळा हिवाळा आम्ही लिहीत बसलो. त्या सांगायच्या, मी माझ्या मोडक्या जपानीत उतरवायचे, त्या लाल पेनाने सुधारायच्या. माझं एक वाक्य त्यांनी पाच वेळा परत पाठवलं, कारण मी 'वडील गेले' असं लिहिलं होतं. गेले नाहीत, नेले, असं त्या प्रत्येक वेळी म्हणायच्या. सहा पानं झाली. वाचनालयातल्या बाईंनी काही न विचारता ती घेतली, शिक्का मारला आणि स्थानिक इतिहासाच्या कपाटात लावली.

वसंतात गुडघ्यांनी दगा दिला आणि आजी मुलाकडे नागोयाला गेल्या. तिथून फोनवर त्यांचा पहिला प्रश्न हाच असायचा, की आपली पानं कुणी वाचायला नेली का. मी वाचनालयात जाऊन नोंदवहीतली नावं खरंच बघून यायचे. पहिल्या वर्षी तीन जणांनी वाचली होती. अध्यक्ष त्यांत नव्हते.